पेंगणारी मुले आळशी नसतात

पाचवीपर्यंत रात्री नऊलाच डोळे चोळणारे मूल आठवी-नववीत गेले, की अकरा वाजले तरी टक्क जागे असते आणि सकाळी दहा हाका मारूनही उठत नाही. घरचे याला आळस म्हणतात किंवा मोबाइलला दोष देतात. मोबाइलचा वाटा आहेच. पण मूळ कारण वयात येणाऱ्या शरीरात आहे.

अंधार पडल्यावर मेंदूतील पिनिअल ग्रंथीतून मेलाटोनिन हे संप्रेरक स्रवू लागते आणि शरीराला 'रात्र झाली' असा निरोप मिळतो. पौगंडावस्थेत हा निरोप उशिरा येतो. झोपेची वेळ दोन तासांपर्यंत पुढे सरकू शकते. शिवाय दिवसभर जागल्यामुळे येणारी झोपेची गुंगीही या वयात लहान मुलांपेक्षा सावकाश वाढते. त्यामुळे नऊला दिवा मालवला तरी मूल कूस बदलत राहते.

झोपेची गरज मात्र कायम असते. १३ ते १८ या वयात रोज ८ ते १० तास झोप हवी. सकाळच्या शाळेसाठी अकराला झोपून पावणेसहाला उठणाऱ्या मुलाची पाच दिवसांत किमान सव्वासहा तासांची तूट होते. ती चिडचिड, विसराळूपणा, वर्गातली पेंग आणि उदासी या रूपांत दिसते. अभ्यास पक्का होण्याचे बरेचसे काम झोपेतच होते.

अमेरिकेतील बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेने २०१४ मध्ये या वयाच्या मुलांची शाळा साडेआठच्या आधी भरवू नये, अशी शिफारस केली. कॅलिफोर्नियात २०२२ पासून माध्यमिक शाळांसाठी तसा कायदा लागू झाला. महाराष्ट्रात २०२४ मध्ये नऊच्या आधी वर्ग न भरवण्याचा आदेश निघाला, पण तो चौथीपर्यंतच्याच वर्गांसाठी. ज्यांचे घड्याळ खरोखर पुढे सरकते, ती मुले त्यातून सुटली.

शाळेची वेळ पालकांच्या हाती नसते. पण काही गोष्टी असतात. उठल्यावर मुलाला थोडा वेळ उन्हात जाऊ द्यावे. संध्याकाळनंतर चहा-कॉफी नको. झोपण्याआधी तासभर मोबाइल बाहेरच्या खोलीत ठेवावा. रात्री उशिरा सुटणारा क्लास शक्यतो टाळावा. सुट्टीच्या दिवशी तास-दीड तास जास्त झोपू द्यावे, दुपारपर्यंत नको. पुरेशी झोप मिळूनही मूल दिवसभर पेंगत असेल, जोरात घोरत असेल किंवा दोन आठवडे उदास असेल, तर डॉक्टरांना दाखवावे. बाकीच्यांना रागावण्याआधी ती किती तास झोपली, एवढे मोजावे.