चित्र, चित्रकार आणि घराणे : संगणकातील नोंदींचे परस्परसंबंध

नाशिक, त्र्यंबकेश्वर किंवा हरिद्वार येथे यात्रेस गेलेल्या मनुष्यास तेथील तीर्थोपाध्याय प्रथम मूळ गाव व कुळ विचारतात आणि जुनी वही उघडून त्याच्या पूर्वजांची नोंद त्याच्यापुढे ठेवतात. ही नोंद सापडते कशी? वहीत नुसती नावे नसतात. अमुक अमक्याचा पुत्र, अमक्याचा बंधू, अमक्या गावचा, असे संबंधही लिहिलेले असतात. नावांची यादी आणि माहितीचा संग्रह यांतील भेद तो हाच.

चंडीगढच्या पंजाब विद्यापीठातील कलेतिहासकार बी. एन. गोस्वामी (१९३३–२०२३) यांनी अशाच वह्यांच्या साहाय्याने पहाडी चित्रकलेच्या अभ्यासाची दिशा पालटली. बसोहली, गुलेर, कांगडा अशा संस्थानांच्या नावांनी शैली ओळखण्याची पूर्वी प्रथा होती. शैलीचा आधार राज्य नसून चित्रकाराचे घराणे होय, असे प्रतिपादन गोस्वामी यांनी १९६८ मध्ये ‘मार्ग’ या नियतकालिकात केले. गुलेरचे पंडित सेऊ यांचे मानकू व नैनसुख हे दोन पुत्र. त्यांपैकी नैनसुखाने जसरोट्याच्या बलवंतसिंहाच्या पदरी राहून चित्रे काढली. त्याचे चित्र केवळ जसरोट्याशी जोडले, तर मानकूच्या चित्राशी असलेले त्याचे नाते दृष्टीआड होते.

आता हीच माहिती संगणकात साठवावयाची आहे, अशी कल्पना करू. जावास्क्रिप्ट ही भाषा १९९५ मध्ये निर्माण झाली. तिच्यात वारंवार लागणारी कामे आधीच रचून ठेवलेल्या सांगाड्यास फ्रेमवर्क म्हणतात; २०११ साली प्रसिद्ध झालेले एम्बर हे त्यांपैकी एक. त्यात प्रत्येक प्रकारच्या वस्तूचे एक ‘मॉडेल’, म्हणजे नोंदीचा नमुना, लिहावयाचा आणि नमुन्यांतील संबंध दोन शब्दांनी सांगावयाचे असतात. पहिला ‘बिलाँग्स-टू’, हा आपल्या षष्ठी विभक्तीसारखा आहे : हे पान अमक्या चित्रमालेचे. दुसरा ‘हॅज-मेनी’ : या चित्रमालेची अनेक पाने. एकच संबंध दोन टोकांकडून पाहिला, की हे दोन शब्द मिळतात.

संबंध कोठे जोडावयाचा, हा विचार मात्र यंत्र करीत नाही. मानकूने १७३० साली रंगविलेल्या गीतगोविंदाच्या चित्रमालेचे उदाहरण घेऊ. लाहोरच्या संग्रहालयातील वस्तूंची १० एप्रिल १९४८ रोजी वाटणी होऊन चाळीस टक्के वस्तू भारताच्या वाट्यास आल्या. त्या अमृतसर, सिमला व पतियाळा येथे राहून अखेर चंडीगढला आल्या आणि तेथील संग्रहालयाचे उद्घाटन ६ मे १९६८ रोजी झाले. आज या चित्रमालेची पाने लाहोर व चंडीगढ या दोन्ही संग्रहालयांत आहेत. तेव्हा ‘चित्रमाला अमक्या संग्रहालयाची’ असा संबंध लिहिल्यास एका ठिकाणची पाने चुकीच्या जागी नोंदली जातील. पान एका मालेचे आणि तेच पान एका संग्रहालयाचे, असे दोन स्वतंत्र संबंध लिहावे लागतात. मग वस्तू दोन देशांत विभागल्या गेल्या, तरी माला अखंड दिसते.

चित्रकार आणि आश्रयदाता यांचा संबंध अनेकास अनेक असा आहे. एका चित्रकारास अनेक आश्रयदाते लाभू शकतात. एका दरबारी अनेक चित्रकार असू शकतात. येथे दोन्ही बाजूंस ‘हॅज-मेनी’ लिहिता येते. परंतु आश्रयाचा काळही नोंदावयाचा असल्यास ‘आश्रय’ नावाचे तिसरे मॉडेल मध्ये घालणे श्रेयस्कर, कारण ती वर्षे एकट्या चित्रकाराचीही नव्हेत आणि एकट्या राजाचीही नव्हेत.

पिता व पुत्र यांच्या बाबतीत दोन्ही टोकांस एकच मॉडेल, म्हणजे चित्रकार, येते. म्हणून ‘पिता’ या संबंधाची उलट बाजू ‘पुत्र’ आहे, हे स्पष्ट सांगावे लागते. उलट बाजू नाही असे लिहिले, तर नैनसुखाच्या नोंदीत पिता म्हणून सेऊ दिसतील. सेऊंच्या नोंदीत मात्र नैनसुख आपोआप येणार नाही.

सर्वांत महत्त्वाची गोष्ट रिकाम्या जागेची. कित्येक चित्रांचे घराणे ओळखता येते, पण घराण्यातील नेमका हात ओळखता येत नाही. प्रत्येक चित्रास चित्रकाराचे नाव असलेच पाहिजे, असा नियम नमुन्यात घातला, तर नोंद करणारा नाइलाजाने एखादे नाव लिहील आणि तो तर्क पुढील अभ्यासकास सत्य वाटू लागेल. त्यासाठी चित्राचा संबंध घराण्याशी व चित्रकाराशी निरनिराळा ठेवावा आणि चित्रकाराची जागा रिक्त राहू द्यावी.

सारांश, नमुने लिहिण्यापूर्वी प्रत्येक संबंध कागदावर वाक्याच्या रूपाने लिहून पाहावा : कोण कोणाचा, एक की अनेक, आणि ज्ञात नसल्यास काय. एक संबंध चुकीच्या जागी पडला, तरी शेकडो नोंदी पुन्हा तपासाव्या लागतात.