भटक्या रायकोचा माग
जपानात २१ नोव्हेंबर १९९९ रोजी ‘पोकेमॉन गोल्ड’ आणि ‘सिल्व्हर’ हे व्हिडिओ गेम आले. त्यातल्या जळक्या मनोऱ्याच्या तळघरात पाऊल पडताच रायको, एन्तेई, सुइकून हे तीन पोकेमॉन उधळतात आणि जोतो प्रदेशभर भटकू लागतात. गाठ पडली, तरी पहिल्या संधीला पसार! मात्र त्यातला एखादा एकदा दिसला, की पोकेडेक्स या नोंदवहीच्या नकाशावर त्याचा ठावठिकाणा कळतो. तिघेही ४० व्या पातळीचे. म्हणून आपला आघाडीचा गडी चाळिसाच्या किंचित खाली ठेवून, त्याच्याहून खालच्या पातळीच्यांना दूर ठेवणारा ‘रिपेल’ वापरायचा. किरकोळ प्राणी फिरकत नाहीत, रायको मात्र येतो. सगळ्यात सुंदर गोष्ट म्हणजे तो पळाला, तरी जखम भरत नाही. पुढच्या भेटीत प्राणशक्तीची पट्टी तिथेच, अर्ध्यावर. मग वेगवान गड्याच्या ‘मीन लुक’ या चालीने त्याची वाट अडवायची. पण रायकोने डरकाळी फोडली, तर लढत तिथेच संपते. पुन्हा नकाशा उघडायचा.