ड्राफ्ट्सचा अजिंक्य खेळाडू
इंग्लंडांत ज्याला ड्राफ्ट्स व अमेरिकेंत चेकर्स म्हणतात, तो खेळ बुद्धिबळाच्याच चौसष्ट घरांच्या पटावर, पण केवळ बत्तीस काळ्या घरांतून, प्रत्येकीं बारा सोंगट्या घेऊन खेळतात. आरंभीं सर्व सोंगट्या सारख्याच असल्यामुळें हा मुलांचा खेळ समजला जातो. हा समज चुकीचा आहे. मारतां येण्यासारखी सोंगटी मारलीच पाहिजे, असा नियम असल्यामुळें प्रतिपक्षाला हवें तिकडे ओढून नेतां येतें. कसलेल्या खेळाडूंचे डाव तर इतके बरोबरींत सुटूं लागले, कीं मोठ्या सामन्यांत पहिल्या तीन चाली चिठ्ठ्या टाकून ठरविण्याची रीत पडली.

मॅरियन टिन्स्ले यांचा जन्म १९२७ सालीं अमेरिकेंतील ओहायो संस्थानांत झाला. व्यवसायानें ते गणिताचे प्राध्यापक होते, आणि धर्मोपदेशही करीत. १९५५ मध्यें ते जगज्जेते झाले. १९५८ मध्यें तोडीचा प्रतिस्पर्धी न उरल्यामुळें बाजूला झाले. १९७५ पासून पद पुन्हां त्यांच्याकडे आलें. १९५० नंतरच्या पंचेचाळीस वर्षांत ते जे डाव हरले, त्यांची संख्या दहाच्या आंत भरते. हरणें ठाऊक नसलेल्या माणसाला खेळांत गोडी ती काय उरणार?

ती गोडी कॅनडांतून आली. अल्बर्टा विद्यापीठांतील जोनाथन शेफर यांनीं १९८९ मध्यें ‘चिनूक’ या संगणक-खेळाडूची रचना आरंभिली. १९९० च्या एका डावांत चिनूकनें दहावी चाल करतांच टिन्स्ले म्हणाले, कीं या चालीचा पश्चात्ताप होईल. तसेंच झालें, यंत्राला आपली चूक उमगली ती पुष्कळ चालींनंतर! त्याच वर्षीं राष्ट्रीय स्पर्धेंत टिन्स्ले यांच्या खालोखाल येऊन चिनूकनें आव्हानाचा हक्क मिळविला. संघटनांनीं यंत्राशीं जगज्जेतेपदाचा सामना नाकारला, तेव्हां टिन्स्ले यांनीं पदाचाच राजीनामा दिला. पद राखून घरीं बसण्यापेक्षां त्यांना सामना प्रिय होता.

१९९२ मध्यें लंडनला ते ४ विरुद्ध २ असे जिंकले. ३३ डाव बरोबरींत सुटले. त्यांच्या चार विजयांपैकीं एक यंत्र अडून बसल्यामुळें पदरीं पडला होता, हेंही सांगितलें पाहिजे. १९९४ मध्यें बोस्टनला सहा डाव बरोबरींत सुटल्यावर प्रकृतीच्या कारणानें त्यांनीं सामना सोडला. स्वादुपिंडाचा कर्करोग निघाला, आणि एप्रिल १९९५ मध्यें त्यांचें निधन झालें.

या खेळांत सुमारें ५ वर वीस शून्यें इतक्या पटस्थिति संभवतात. तरीही दोन्ही पक्ष निर्दोष खेळल्यास डाव बरोबरींतच सुटतो, हें शेफर यांनीं २००७ मध्यें सिद्ध केलें. तेव्हांपासून चिनूकला हरविणें कोणासही शक्य नाहीं. टिन्स्ले यांच्याशीं अपुऱ्या राहिलेल्या सामन्याची नोंद मात्र सहा बरोबऱ्या एवढीच आहे.