युक्रेनचा हिशेब, रशियाचे खाते

'एस्केप टू व्हिक्टरी' हा 1981चा चित्रपट फुटबॉलवेड्यांनी हमखास पाहिलेला असतो. त्यात पेले आहे, सिल्व्हेस्टर स्टॅलोन आहे. कथेचे मूळ मात्र नाझींच्या ताब्यातल्या कीव्ह शहरात सापडते. ऐकीव गोष्ट अशी : स्थानिक खेळाडूंनी जर्मन संघाला हरवले आणि सामना संपताच त्या सगळ्यांना मैदानावरच, अंगातल्या जर्सीसकट, गोळ्या घातल्या गेल्या.

सामना खरा होता. एका बेकरीत मजुरी करणारे डायनामो आणि लोकोमोटिव्ह या क्लबांचे जुने खेळाडू 'स्टार्ट' या नावाने एकत्र आले होते. 9 ऑगस्ट 1942 रोजी त्यांनी जर्मन विमानविरोधी तोफदलाच्या संघाला 5-3 असे हरवले. त्या दिवशी कोणालाही गोळी घातली नाही. आठवड्याभराने हाच संघ आणखी एक सामना खेळला, तोही जिंकला. अटकसत्र त्यानंतर सुरू झाले. एकजण गेस्टापोच्या कोठडीत मेला, तिघांना फेब्रुवारी 1943 मध्ये सिरेट्सच्या छळछावणीत ठार केले. बाकीच्यांपैकी काहीजण युद्धातून वाचले. मैदानावरच्या हौतात्म्याची गोष्ट सोव्हिएत प्रचारयंत्रणेने पुढे रंगवली. खरे तर त्या छावणीत रोज माणसे मरत होती, रंग भरायची गरजच नव्हती.

युक्रेनच्या युद्धकाळाबद्दल आपण ऐकलेले बरेचसे असेच कोणीतरी आपल्या सोयीने सांगितलेले आहे. 'हिटलरशी लढताना दोन कोटी रशियन मेले' हे वाक्य त्यातले सर्वांत रुळलेले. ती माणसे सोव्हिएत संघाची होती. आकडाही आता 2 कोटी 66 लाख मानला जातो, आणि त्यातले 70 ते 80 लाख युक्रेनच्या भूमीवरचे असावेत असा अंदाज आहे. जर्मन सैन्य रशियाच्या एका भागात शिरले. युक्रेन मात्र 1942च्या उन्हाळ्यापर्यंत सगळाच्या सगळा त्यांच्या टाचेखाली आला होता. लाल सेनेत 60 लाखांहून अधिक युक्रेनियन लढले, तेही आपल्या बोलण्यात 'रशियन सैनिक'च.

'युक्रेनियन लोक हिटलरचे साथीदार होते' हा आरोप मात्र नुसता झटकून टाकता येत नाही. 1941 मध्ये काही गावांनी जर्मनांचे पाव-मीठ देऊन स्वागत केले, हे खरे आहे. आठच वर्षांपूर्वी, 1932-33च्या होलोदोमोर या दुष्काळात, स्टालिनच्या धान्यवसुलीने तिथे लाखो माणसे उपाशी मारली होती. नवा धनी आला तर सामूहिक शेती मोडेल, अशी त्यांना आशा होती. नव्या धन्याने ती मोडली नाही. शेताशेतांतून धान्य गोळा करण्यापेक्षा स्टालिनने बांधून ठेवलेली यंत्रणाच त्याला सोयीची होती. चौथीच्या पुढच्या शाळा बहुतेक ठिकाणी बंद केल्या गेल्या. जानेवारी 1942 पासून मजुरांच्या गाड्या जर्मनीकडे निघाल्या. 20 लाखांहून अधिक माणसे नेली गेली. त्यांना छातीवर निळ्या चौकोनात पांढऱ्या अक्षरांनी 'ओस्ट', म्हणजे पूर्वेकडचा, असा बिल्ला लावावा लागे. त्यातले जे परतले, त्यांच्याकडे पुढे सोव्हिएत सरकारने संशयानेच पाहिले. राष्ट्रवादी नेता स्टेपान बांदेरा याच्या साथीदारांनी 30 जून 1941 रोजी लविवमध्ये स्वतंत्र राज्य जाहीर केले, तर जर्मनांनी बांदेरालाच अटक केली.

तरीही सहकार्य झालेच. ज्यूंना पकडण्यात स्थानिक पोलीस होते. 1943 मध्ये व्होलिन प्रांतात युक्रेनियन बंडखोर सेनेने हजारो पोलिश गावकऱ्यांना मारले. हे लपवायचे कारण नाही; आणि त्यावरून सगळ्या जनतेला नाझी ठरवायचेही कारण नाही.

कीव्हमधल्या बाबिन यार या घळीची कथा सर्वांत जास्त दाबली गेली. 28 सप्टेंबर 1941 रोजी कीव्हच्या भिंतींवर नोटिसा लागल्या : सगळ्या ज्यूंनी दुसऱ्या दिवशी सकाळी आठ वाजता अमुक चौकात यावे, कागदपत्रे, पैसे, मौल्यवान वस्तू आणि गरम कपडे सोबत आणावेत. कपडे आणायला सांगितले म्हणजे दुसरीकडे हलवणार असावेत, असे अनेकांना वाटले. घळीच्या काठावर दोन दिवसांत 33,771 माणसे मारली गेली. हा आकडा जर्मनांनी स्वतःच नोंदवून ठेवला. 1976 मध्ये तिथे सोव्हिएत स्मारक उभे राहिले, त्यावर उल्लेख कीव्हच्या नागरिकांचा आणि युद्धकैद्यांचा. 'ज्यू' हा शब्द नव्हता. मेलेल्यांची ओळख पुसायची ही सोव्हिएत सवय फक्त युक्रेनियन मृतांपुरती नव्हती.

शिवाय युद्ध तिथे 1941 मध्ये सुरू झाले, हेही अर्धेच खरे. पश्चिम युक्रेनचा मोठा भाग 1939पर्यंत पोलंडमध्ये होता. 17 सप्टेंबर 1939 रोजी स्टालिनचे सैन्य त्यात घुसले, तो घेतला आणि पुढे लोकांना सायबेरिया, कझाकस्तानात हाकलायला सुरुवात केली. तिथून सुटलेली काही पोलिश कुटुंबे फिरत फिरत थेट आपल्या कोल्हापूरजवळच्या वळिवडे छावणीत पोहोचली. त्यांतल्या अनेकांची गावे आज युक्रेनमध्ये आहेत. जर्मनांच्या काळातही सगळीकडे एकच अंमल नव्हता : ओडेसा रुमानियाकडे, लविव जर्मनव्याप्त पोलंडला जोडलेले, खारकीव्ह लष्कराच्या हाती.

शेवटचा गैरसमज ताजा आहे : युक्रेन म्हणजे रशियाचाच तुटलेला तुकडा आणि क्रायमिया तर रशियनच. 1944च्या मे महिन्यात स्टालिनने तिथल्या सुमारे 1 लाख 90 हजार तातारांना गाडीत कोंबून मध्य आशियात पाठवले, हे सांगताना कोणी दिसत नाही. आणि 1 डिसेंबर 1991च्या सार्वमतात युक्रेनच्या 90 टक्क्यांहून अधिक मतदारांनी स्वातंत्र्याला कौल दिला. क्रायमियातही तो 54 टक्के होता.