जप्त डंपर गंजवून काय साधते?

गिरणा, तापी, पांझरेच्या पात्रातून वाळू चोरताना पकडलेले ट्रॅक्टर-डंपर जळगाव-धुळ्यात तहसीलच्या आवारात उन्हापावसात उभे राहतात. टायर बसतात, बॅटरी उतरते, पत्रा गंजतो. पुढे ते सरकारजमा झाले तरी हाती भंगारच येते. पोलीस ठाण्यांत पडून राहणाऱ्या वाहनांबाबत सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई देसाई खटल्यात 2002 मध्येच सांगितले, की पंचनामा करा, फोटो काढा, बंधपत्र व हमी घ्या आणि वाहन सोडा. सुटलेला डंपर पुन्हा नदीत उतरेल, ही गावकऱ्यांची भीती रास्त आहे. पण महसूल संहितेचे कलम 48(8) दंडासोबत वाहनाच्या बाजारभावापर्यंतचे बंधपत्रही मागते. वाहन पुन्हा वाळूचोरीत न वापरण्याची अट मोडणाऱ्याकडून ती रक्कम प्रशासनाने खरोखर वसूल करावी.