राम अण्णा, सीताही अण्णाच!

तुमच्या वर्गात एक कोडं घालून बघा. असा कोणता माणूस आहे, जो स्वतःच हरवतो आणि स्वतःच्याच शोधात रानोमाळ हिंडतो? आणि एवढं सगळं पाहूनही तिकीट काढून बसलेल्या लोकांना त्यात काही वावगं वाटत नाही!

उत्तर आहे अण्णा साळुंके. १९१७ साली दादासाहेब फाळक्यांचा ‘लंकादहन’ हा मूकपट आला. त्यात राम झाले होते अण्णा साळुंके, आणि सीता झाले होते... अण्णा साळुंकेच! दादासाहेब तेव्हा आपला सगळा कारखाना घेऊन नाशिकला राहत होते. ज्या गावच्या पंचवटीतून रावणाने सीतेला पळवलं असं लोक मानतात, जिथे आजही वाकून सीतागुंफेत शिरावं लागतं, त्याच गावात पडद्यावरची पहिली नावाजलेली सीता घडली. आणि ती होती मुंबईच्या एका उपाहारगृहातला स्वयंपाकी.

हे जमलं कसं? एक माणूस दोन माणसं कसा होतो? थांबा, आधी हे अण्णा आले कुठून ते सांगते.

१९१२ साली दादासाहेब मुंबईत दादरला ‘राजा हरिश्चंद्र’ची जुळवाजुळव करत होते. राजा मिळाला, दत्तात्रय दामोदर दाबके. विश्वामित्र मिळाले, गजानन वासुदेव साने. राजपुत्र रोहिदास तर घरातच होता, दादासाहेबांचा मुलगा भालचंद्र. अडलं ते राणी तारामतीपाशी. दादासाहेबांनी वर्तमानपत्रात जाहिरात दिली, खूप शोधलं, पण सिनेमात काम करायला एकही बाई मिळेना. सिनेमा हे काम आहे हेच तेव्हा लोकांना पटत नव्हतं. पुरुषांनासुद्धा सांगायला लाज वाटे. म्हणून दादासाहेबांनी आपल्या लोकांना सांगून ठेवलं होतं म्हणे, की कुणी विचारलं तर ‘हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहे’ असं सांगा! परेश मोकाशी यांनी २००९ साली याच गोष्टीवर ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ हा सिनेमा काढला. पाहिला नसेल तर जरूर पाहा, हसून हसून पोट दुखेल.

ग्रँट रोडच्या एका उपाहारगृहात दादासाहेब जात असत. तिथे त्यांची नजर एका सडपातळ तरुणावर पडली. नाजूक हात, लांबसडक बोटं. महिन्याला १० रुपये पगारावर तो तिथे स्वयंपाक करायचा. दादासाहेबांनी १५ रुपये देऊ केले. पगार दीडपट! अण्णा हरी साळुंके राणी व्हायला तयार झाले.

यानंतरची अडचण फारच मोठी होती. ती होती मिशी. बायकांची कामं करणाऱ्या पुरुषांनी मिशी उतरवायला हवी, पण त्या काळी मिशी उतरवत ती घरातलं जवळचं माणूस गेल्यावर. धडधाकट वडील घरात बसलेले असताना मुलगा मिशी काढून आला तर घरात काय गोंधळ उडेल! दादासाहेबांना एकेकाच्या विनवण्या कराव्या लागल्या. ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये राणी आणि तिच्या सख्या पाण्यात खेळतानाचा एक प्रसंग आहे. त्यातल्या सगळ्या सख्या म्हणजे मिशी उतरवलेले बाप्येच.

आता तुम्ही म्हणाल, त्यात नवल काय? नाटकात तर हे चालतच होतं. बरोबर आहे. बालगंधर्व शालू नेसून रंगमंचावर आले की बायका त्यांच्याकडून साडी कशी नेसावी हे शिकत. पण नाटकातली नायिका गायची. अर्धं काम तर गळ्यानेच व्हायचं. सिनेमा मुका होता, त्यामुळे अण्णांना गाता येतं का, आवाज बाईसारखा आहे का, हे प्रश्नच उरले नाहीत. ही झाली सोय. गैरसोय अशी, की नाटकाचा प्रेक्षक दूर बसायचा आणि रंगमंचावर दिव्यांचा उजेड असायचा. सिनेमाचं चित्रण मात्र लख्ख उन्हात चाले, कारण तेव्हाच्या फिल्मला भरपूर उजेड लागे. उन्हात काही लपत नाही. लोक सांगतात, ‘लंकादहन’मध्ये सीतामाईच्या पातळातून तिचे दणकट दंड दिसायचे!

पण एक गोष्ट उन्हातही लपायची, आणि इथे खरी गंमत आहे. त्या काळच्या फिल्मला लाल रंग दिसतच नसे.

म्हणजे काय? फिल्मवर चांदीच्या क्षारांचा पातळ थर असतो. त्यावर उजेड पडला की तिथे बदल होतो आणि फिल्म धुतल्यावर चित्र उमटतं. पण हे क्षार मुळात निळ्या-जांभळ्या उजेडालाच दाद देतात. काही खास रंगद्रव्यं मिसळली तर हिरव्यालाही देतात. लाल उजेड पडला काय नि न पडला काय, फिल्मच्या लेखी अंधारच. म्हणून लाल वस्तू पडद्यावर काळपट दिसे. सीतेच्या कपाळावरचं ठसठशीत कुंकू काळं. ओठ काळे. चेहऱ्यावरची लालीसुद्धा काळपट डागांसारखी. म्हणून जगभरचे नट त्या काळी चेहऱ्याला फिकट, पिवळट रंग थापून उभे राहत. प्रत्यक्षात पाहिलं असतं तर आजारीच वाटले असते बिचारे.

याच आंधळेपणाचा एक फायदाही होता. लाल उजेड फिल्मला दिसत नाही, म्हणजे लाल दिवा लावून खोलीत आरामात फिल्म धुता येते. चित्रपटाच्या जुन्या अंधारखोलीचा लाल दिवा तुम्ही चित्रात पाहिला असेल, त्याचं कारण हेच.

घरी एक प्रयोग करा. पांढऱ्या कागदावर कुंकवाचा एक ठिपका काढा आणि शेजारी निळ्या खडूने दुसरा. आता निळा जिलेटीन कागद डोळ्यांसमोर धरून बघा. निळा ठिपका पांढऱ्यात मिसळून जाईल आणि कुंकू मात्र काळं दिसेल. १९१७ च्या फिल्मला सीता साधारण अशीच दिसत होती.

आता आपलं कोडं सोडवू. एकच माणूस राम आणि सीता कसा होतो? पहिली युक्ती अगदी सोपी आहे, कापा आणि जोडा. रामायणाच्या या भागात राम असतो वनात आणि सीता अशोकवनात, दोघं बराच काळ दूरच. आधी रामाचे सगळे तुकडे चित्रित करायचे. मग अण्णांनी धनुष्य ठेवून पातळ नेसायचं आणि सीतेचे तुकडे करायचे. नंतर फिल्म कात्रीने कापून हवी तशी एकापुढे एक चिकटवायची. रामाने उसासा टाकला की लगेच सीता डोळे पुसताना दिसते, आणि बघणाऱ्याचं मन दोघांना आपोआप जोडून टाकतं. आणि एक सोय बघा हं, आपल्या चित्रांतला रामही बिनमिशीचाच असतो. एकदा मिशी उतरवली की दोन्ही कामं झाली!

आणि एकाच चौकटीत एकच माणूस दोनदा हवा असेल तर? त्यासाठी दुसरी युक्ती, आणि ती त्या काळच्या जादूच्या सिनेमांचा कणा होती. भिंगापुढे काळा कागद असा लावायचा की अर्धीच चौकट उघडी राहील. चित्रण करायचं आणि मूठ किती वेळा फिरवली ते मोजून ठेवायचं. झाकलेल्या अर्ध्या भागावर उजेडच पडला नाही, म्हणजे तो कोराच आहे. मग भिंग पूर्ण झाकून फिल्म तेवढेच फेरे मागे न्यायची, कागद दुसऱ्या बाजूला लावायचा, नटाने वेश बदलून दुसरीकडे उभं राहायचं आणि पुन्हा मूठ फिरवायची. फ्रान्सच्या जॉर्ज मेलिएसने १९०० साली अशा युक्तीने एका चौकटीत एकदम सात मेलिएस बसवले होते आणि सातही जण वाजंत्री वाजवत होते! दादासाहेबांना असल्या करामतींचं वेडच होतं. ‘लंकादहन’मधला हनुमान आकाशात उडत उडत लहान होत जायचा, ते पाहून लोक थक्क होत. तो हनुमान झाले होते गणपत शिंदे. तुमच्यापैकी कितीजणांनी हे नाव ऐकलंय?

मघाशी ‘मूठ फिरवायची’ म्हटलं, ते खरंच. कॅमेऱ्याला वीज नव्हती. बाजूला एक हँडल असायचं, ते एका सेकंदात दोनदा फिरवायचं. एका फेऱ्यात ८ चित्रं, म्हणजे सेकंदाला १६. एक फूट फिल्मवर १६ चित्रं मावतात. म्हणजे एका सेकंदाला एक फूट फिल्म! ‘राजा हरिश्चंद्र’ ३,७०० फुटांचा होता. करा गुणाकार, ५९,२०० चित्रं. सेकंदाला १६ च्या वेगाने दाखवली तर तासाहून थोडा जास्त वेळ लागेल. पण चित्रगृहात दाखवणाऱ्याने घाईने फिरवली तर तोच सिनेमा चाळीस मिनिटांत संपेल आणि राजा हरिश्चंद्र राज्य सोडून अक्षरशः पळत सुटेल.

आता फिल्मच्या कडेची छिद्रं. प्रत्येक चित्राला दोन्ही कडांना चार-चार छिद्रं असतात, त्यांत दाते अडकून फिल्म पुढे सरकते. ३,७०० फुटांना एका कडेला २,३६,८०० छिद्रं. तेव्हा कोरी फिल्म छिद्रांशिवाय यायची. घरच्या यंत्रावर अंधारात बसून ती पाडायच्या सरस्वतीबाई फाळके, दादासाहेबांच्या पत्नी. शिवाय त्या फिल्म धुवायला शिकल्या, पैशासाठी दागिने काढून दिले आणि साठ-सत्तर माणसांचं जेवणही रांधलं. माझं मत विचाराल तर पहिल्या मराठी सिनेमाची खरी सहकलाकार हीच. पडद्यावर मात्र त्या कुठेच दिसत नाहीत.

३ मे १९१३ ला गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ लागला, चालला, आणि त्याच वर्षी दादासाहेब नाशिकला आले. नाशिकच्या पहिल्याच चित्रपटात, ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये, चक्क दोन बायका होत्या. दुर्गाबाई कामत झाल्या पार्वती आणि त्यांची लेक कमलाबाई झाली मोहिनी. ही कमलाबाई गोखले म्हणजे अभिनेते विक्रम गोखले यांची आजी. तरी पुढे चार वर्षांनी सीतेसाठी पुन्हा अण्णाच! कमलाबाई नाटकाकडे परतल्या आणि दुसऱ्या बायका यायला तयार नव्हत्या. आणि हे आपल्याकडेच होतं असं नाही. केरळात जे. सी. डॅनियल यांनी मल्याळमचा पहिला मूकपट ‘विगतकुमारन’ काढला. त्यात पी. के. रोझी नावाच्या दलित मुलीने उच्च जातीच्या बाईची भूमिका केली, तर लोक इतके खवळले की तिला गाव सोडून पळून जावं लागलं. इथे पुरुष सीता झाला तर टाळ्या, तिथे एक मुलगी दुसऱ्या जातीची बाई झाली तर दगड. हे मला आजही चीड आणणारं वाटतं.

नाशिकच्या कारखान्यात उलटी गंमतही झाली. १९१९ च्या ‘कालियामर्दन’मध्ये कृष्ण कोण झालं? दादासाहेबांची मुलगी मंदाकिनी, वय अवघं सात! सिनेमाच्या सुरुवातीला ती नुसत्या चेहऱ्याने रागावते, हसते, रडते, असा एक भाग आहे. पुरुष सीता, मुलगी कृष्ण. ज्याला जे जमेल ते त्याने करायचं.

अण्णांनीही तेच केलं. १९१८ साली नाशिकला हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी उभी राहिली. तिथे नट म्हणजे महिन्याच्या पगाराचे नोकर, आणि नोकराने हातात पडेल ते काम शिकायचं. अण्णा कॅमेऱ्याच्या मागे जाऊन उभे राहिले आणि पुढची वर्षं हँडल फिरवत राहिले. विचार करा, ज्याला कॅमेऱ्यापुढे काळं कुंकू लावून उभं राहायचा सराव आहे, त्याला त्या फिल्मचा स्वभाव किती पक्का ठाऊक असेल! परदेशातले कॅमेरामन वेग चुकू नये म्हणून मनातल्या मनात गाणं म्हणत. तुम्हीही करून बघा. एका हाताने हवेत सेकंदाला दोन फेरे, सलग एक मिनिट, आणि त्याच वेळी खिडकीतून बाहेर काय चाललंय ते सांगायचं. १२० फेरे नेमके पुरे झाले तर तुम्हाला नाशिकच्या कंपनीत नोकरी पक्की.

१४ मार्च १९३१ ला ‘आलम आरा’ आला आणि पडदा बोलू लागला. सीतेने तोंड उघडलं की रामाचाच आवाज येतोय, हे आता कोण चालवून घेणार? एकाने दोघं होण्याचे ते दिवस संपले.

त्या काळची फिल्म भराभर पेट घेणारी होती. त्यामुळे दादासाहेबांच्या चित्रपटांतले थोडेच तुकडे उरले आहेत. ते पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने जपले आहेत. ‘राजा हरिश्चंद्र’ म्हणून आज आपण जे बघतो, तो बहुतेक १९१७ साली पुन्हा केलेला चित्रपट आहे असं अभ्यासक मानतात. त्यातही तारामती अण्णाच आहेत. सुट्टीत नाशिकला गेलात तर पांडवलेण्यांच्या पायथ्याशी दादासाहेब फाळके स्मारकात जा, आणि घरी मोठ्यांबरोबर तो जुना तुकडा शोधून बघा. कपाळावरचं कुंकू कसं दिसतं आणि दंड कसे दिसतात, ते आम्हाला लिहून कळवा.