आठ पायांचे परदेशी पाहुणे

पावसाळा सरत आला आणि दिवाळीची चाहूल लागली, की नागपूरच्या घराघरांत बांबूला झाडू बांधण्याचा कार्यक्रम सुरू होतो. छताच्या कोपऱ्यातली जळमटे काढायची, माळ्यावरची भांडी उतरवायची, कपाटे पुढे ओढायची. वर्षभर कुणाच्या अध्यातमध्यात नसलेला कोळी त्या दिवशी एकदम सगळ्यांसमोर येतो. आरडाओरडा होतो, कुणी पलंगावर चढते, कुणी चप्पल शोधते. तोवर कोळीबुवा दुसऱ्या कपाटामागे पसार झालेले असतात.

मागच्या वर्षी आमच्या वसाहतीत या नेहमीच्या नाटकात मोबाइलची भर पडली. एका घरी भिंतीवरच्या तसबिरीमागून तळहाताएवढा, चपट्या अंगाचा, तपकिरी कोळी निघाला. त्याचा फोटो दहा मिनिटांत घरोघरी पोचला आणि फोटोसोबत मजकूरही. हा कोळी विदेशी आहे, केळ्यांच्या पेटीतून आला आहे, चावला तर दवाखान्यात पोचेपर्यंत माणूस उरत नाही! संध्याकाळपर्यंत चार घरांत कीटकनाशकाचे फवारे मारून झाले. शेजारच्या वहिनींचा तीन वर्षांचा नातू त्या वासाने रात्रभर खोकत होता. सकाळी त्याला डॉक्टरांकडे न्यावे लागले. कोळी मात्र कुणालाही चावला नव्हता.

परदेशी कोळी खरेच येतात का? येत असतील तर कसे? आणि त्यांना किती भ्यायचे? या प्रश्नांनी मला स्वस्थ बसू दिले नाही. मिळेल ते वाचत गेलो, आणि जे हाती आले ते मोठे मजेदार आहे, थोडे गंभीरही.

‘विदेशी’ तर आपलाच निघाला!

पहिली गोष्ट आमच्या वसाहतीतल्या त्या संशयिताची. शास्त्रज्ञ त्याला ‘हेटेरोपोडा व्हेनेटोरिया’ म्हणतात. लिनियस या जगप्रसिद्ध शास्त्रज्ञाने १७६७ मध्ये त्याची नोंद केली. ‘व्हेनेटोरिया’ म्हणजे शिकारी. हा कोळी जाळे विणत नाही. रात्री भिंतीवर फिरून शिकार करतो, आणि त्याची आवडती शिकार कोणती, तर झुरळ! त्याची मादी पांढऱ्या, चपट्या, नाण्यासारख्या गोल पिशवीत अंडी घालते आणि ती पिशवी पोटाशी धरून हिंडते. आपल्या आज्या-पणज्यांनीही हा कोळी देवघराच्या भिंतीवर पाहिलेला असणार.

या कोळ्याचे मूळ घर आशियाचा उष्ण प्रदेश, म्हणजे आपलीच बाजू. जहाजांतल्या मालात लपून तो आफ्रिकेत, अमेरिकेत, पॅसिफिक महासागरातल्या बेटांवर पोचला. अमेरिकेतल्या फ्लोरिडात तो परदेशी कोळी म्हणूनच ओळखला जातो आणि केळ्यांच्या घडांतून सापडतो म्हणून तिथे त्याला केळ्यातला कोळीही म्हणतात. म्हणजे आमच्या वसाहतीने ज्याला घुसखोर ठरवले तो इथला जुना रहिवासी. आणि सातासमुद्रापार खरा घुसखोर कोण, तर आपलाच गाववाला!

नवरात्रात फुलणारी जाळी

माझा भाचा अमेरिकेत अटलांटा शहराजवळ राहतो. तिथे मराठी घरे बरीच आहेत. एकदा नवरात्रात त्याचा फोन आला. “मामा, इथे अंगणात जायची सोय राहिली नाही. हाताच्या पंजाएवढे पिवळे कोळी! दारापासून गाडीपर्यंत नुसती जाळीच जाळी.”

हा ‘जोरो’ कोळी. मूळचा जपान, कोरिया, चीन, तैवान या भागांतला. अटलांटाच्या ईशान्येला साधारण २०१३-१४ च्या सुमारास तो प्रथम दिसला. मालवाहू कंटेनरमधून आला असावा असे मानतात. पिवळ्या अंगावर निळसर-हिरवे पट्टे, पोटाखाली लाल ठिपके आणि उन्हात सोन्यासारखे चमकणारे जाळे. माद्या पूर्ण वाढतात त्या सप्टेंबर ते नोव्हेंबरमध्ये, म्हणजे आपल्याकडे घट बसतात आणि दिवाळी येते त्याच दिवसांत. पिल्ले रेशमाचा बारीक धागा हवेत सोडतात आणि वाऱ्याबरोबर तरंगत नव्या जागी जातात. शिवाय मोटारगाड्यांना चिकटून फुकटचा प्रवास होतो तो वेगळाच.

लोक घाबरले, वर्तमानपत्रांत मथळे झळकले. जॉर्जिया विद्यापीठाच्या संशोधकांनी मग एक साधा प्रयोग केला. वेगवेगळ्या जातींच्या कोळ्यांवर हळूच हवेचा झोत सोडला आणि ते किती वेळ निपचित पडतात ते मोजले. बहुतेक कोळी दीड मिनिटाच्या आत हालचाल करू लागले. जोरो मात्र तासाभराहून अधिक वेळ तसाच बसून राहिला! २०२३ मध्ये हा अभ्यास प्रसिद्ध झाला तेव्हा जगाला कळले, की हा भयंकर पाहुणा भलताच लाजाळू आहे. माणसाला तो सहसा चावत नाही, चावलाच तर त्याच्या विषाने जिवाला धोका नसतो.

मग त्याच्या येण्याने काहीच बिघडले नाही का? बिघडले, पण माणसांचे नव्हे. जिथे जोरो वाढले तिथे जाळी विणणारे स्थानिक कोळी कमी आढळू लागले. नव्या भाडेकरूमुळे जुन्यांना जागा सोडावी लागावी, तसे हे झाले. परदेशी जीव आला की कुणाचे तरी नुकसान होण्याचा संभव असतो. फक्त आपण ओरडतो त्या जागी ते होत नाही.

विषारी पाहुणा आणि शहाणे यजमान

सगळेच पाहुणे लाजाळू नसतात. १९९५ मध्ये जपानच्या ओसाका भागात पाठीवर लाल पट्टा असलेला काळा कोळी सापडला. हा ऑस्ट्रेलियातला ‘रेडबॅक’. त्याचे विष खरोखर त्रासदायक असते. असह्य वेदना होतात, घाम फुटतो, मळमळते. ऑस्ट्रेलियात १९५६ पासून त्यावर प्रतिविष वापरात आहे. हा कोळी आता जपानच्या बहुतेक भागांत पोचला आहे. तिथल्या नगरपालिकांनी लोकांना कोळ्याची चित्रे दाखवली. गटाराची झाकणे, कुंड्यांचे तळ, बाहेर ठेवलेले जोडे तपासून पाहा, बागेत हातमोजे घाला, एवढे सांगितले. लोक त्याच्याबरोबर राहायला शिकले.

याउलट इंग्लंडचे उदाहरण पाहा. कॅनरी व मदिरा बेटांकडून आलेला ‘नोबल फॉल्स विडो’ हा कोळी तिथे १८७९ पासून ठाऊक आहे. त्याचा दंश गांधीलमाशीच्या डंखासारखा. पण २०१३ च्या ऑक्टोबरमध्ये वर्तमानपत्रांनी त्याला असे काही रंगवले, की कोळी मारण्यासाठी शाळा बंद ठेवण्यापर्यंत मजल गेली! सव्वाशेहून अधिक वर्षे शेजारी राहिलेला कोळी एका महिन्यात राक्षस झाला. भित्यापाठी ब्रह्मराक्षस म्हणतात तो हाच.

सदियाची गोष्ट

हसण्यावारी नेता येणार नाही अशी घटना आपल्या देशातही घडली. २०१२ च्या मे महिन्यात आसामच्या तिनसुकिया जिल्ह्यातल्या सदिया गावी मोठमोठे केसाळ कोळी निघाल्याच्या बातम्या आल्या. कोळी चावून दोघे दगावले असे सांगितले गेले. कुणी म्हणाले, हा ऑस्ट्रेलियातला प्राणघातक कोळी. गावात डीडीटी फवारण्याची भाषा सुरू झाली. पुढे बाहेर आले ते वेगळेच. ज्यांचा मृत्यू झाला त्यांना आधी ओझाकडे, म्हणजे मांत्रिकाकडे नेले होते आणि तिथे पात्याने जखम कापून रक्त काढले गेले होते. शवविच्छेदन न झाल्याने मृत्यू विषाने झाला की त्या उपचाराने, हे कधीच ठरू शकले नाही.

आपणही फार दूर नाही. पावसाळ्यात अंगावर भाजल्यासारखा लांबट चट्टा उठला, फोड आले, की नागपुरात आजही म्हणतात, “कोळी अंगावरून गेला”, किंवा हिंदीत, “मकडी मूत गई”. बिचारा कोळी! हे काम बहुतेक वेळा दिव्याभोवती येणाऱ्या एका बारीक, नारिंगी-काळ्या किड्याचे असते. मानेवर बसला की आपण त्याला चिरडतो आणि त्याच्या अंगातला दाहक रस कातडीला लागतो. किडा न चिरडता फुंकर मारून उडवावा, जागा साबणाने धुवावी, एवढे पुरते. जगात कोळ्यांच्या पन्नास हजारांहून अधिक जाती नोंदल्या गेल्या आहेत. त्यांतल्या माणसाला खरोखर धोकादायक अशा जाती अगदी मोजक्या.

विदर्भातला खरा घुसखोर

असे असताना विदर्भाला खऱ्याखुऱ्या परदेशी किड्याने छळलेच नाही का? छळले. पण त्याला पाहून कुणी किंचाळले नाही. २००५ नंतरच्या दोन-तीन वर्षांत गुजरात, पंजाब आणि महाराष्ट्राच्या कपाशीवर पांढरा, पीठ माखल्यासारखा किडा पसरला. हा पिठ्या ढेकूण. वर्धा रोडवरच्या केंद्रीय कापूस संशोधन संस्थेतल्या शास्त्रज्ञांनी ठिकठिकाणचे नमुने तपासून सांगितले, की यातला बहुतांश किडा मूळ अमेरिकेतला आहे. त्याला आसराही मिळाला तो परदेशी गवताचाच: १९५५ च्या सुमारास पुण्यात प्रथम नजरेस आलेले आणि आज आपल्या प्रत्येक मोकळ्या प्लॉटवर माजलेले गाजर गवत! शेतकऱ्यांनी फवारण्यांवर फवारण्या केल्या. अंगावर मेणचट पिठाचे कवच असल्याने किडा दाद देईना.

अखेर तो कमी झाला, त्यात मोठा वाटा होता मुंगीहून लहान अशा एका गांधीलमाशीचा. ही माशी ढेकणाच्या अंगात अंडे घालते आणि तिची अळी त्याला आतून खाऊन टाकते. ही नवी जात समजून २००९ मध्ये तिला डॉ. बंबावाले या मराठी कृषिशास्त्रज्ञांचे नाव देण्यात आले. पुढे ध्यानात आले, की हीच जात अमेरिकेत पूर्वीच नोंदली गेली होती. म्हणजे रोगही परदेशी, वैद्यही परदेशी. आणि वैद्य बिनबोलावता आलेला! फवाऱ्याने मात्र हा वैद्यही मरतो, आणि कपाशीवरचे तुडतुडे खाणारे आपले देशी कोळीही मरतात.

फवाऱ्याची खरी किंमत विदर्भाने २०१७ मध्ये मोजली. त्या वर्षी एकट्या यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन सुमारे वीस शेतकरी-शेतमजूर दगावले, शेकडो जणांना रुग्णालयात ठेवावे लागले. कोळ्याच्या दंशाने आपल्याकडे इतकी माणसे गेल्याचे कुणी ऐकले आहे का? ज्याला पाहून आपण पलंगावर चढतो तो निरुपद्रवी, आणि ज्याची बाटली फडताळात मुलांच्या हाताशी ठेवतो ते विष. भीतीचा हिशेब असा उलटा लागतो.

व्यापार वाढणार, कंटेनर येत-जात राहणार, त्यांच्याबरोबर नवे जीवही येत राहतील. एखादा खरोखर घातक असेल, तर तो ओळखणारी माणसे हवीत आणि त्यांचे ऐकून घेणारे नागरिकही हवेत. घरी अनोळखी कोळी दिसला तर त्यावर काचेचा पेला पालथा घालावा, खालून पोस्टकार्ड सरकवावे आणि फोटो काढून त्याला कुंपणापलीकडे सोडावे. तो फोटो वसाहतीत फिरवण्यापेक्षा जवळच्या महाविद्यालयातल्या प्राणिशास्त्राच्या प्राध्यापकांना दाखवावा. चावलाच, तर जागा साबणाने धुऊन थंड पाण्याची पट्टी ठेवावी; वेदना वाढू लागल्या तर थेट डॉक्टर गाठावा, पाते लावणाऱ्याच्या वाटेला जाऊ नये. यंदा जळमटे काढताना मुलांनाही जवळ उभे करा. कोण जाळे विणतो, कोण नुसता पळतो, अंड्यांची पिशवी कुणाच्या पोटाशी आहे, हे एकदा त्यांच्या डोळ्यांनी दिसले, की मोबाइलवरचा कुठलाही मजकूर त्यांना सहजासहजी पलंगावर चढवू शकणार नाही.